दोन चादरी

माझ्या कॅमेऱ्याच्या पेटीत, लेन्सांच्या वर, एक सोलापुरी चादर घडी घालून ठेवलेली असते. विटकरी रंग, मधोमध मोर, कडेनं वेल. एका कोपऱ्याला रुपयाएवढं जळकं भोक आहे. ते लडाखमधल्या झंस्कारच्या गुहेतल्या स्टोव्हचं. २००८ साली पहिल्यांदा लडाखला निघालो तेव्हा आप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ती माझ्या पिशवीत कोंबली. "लई थंडी असते म्हणं तिकडं. पांघर," म्हणाले. मी ती आजवर एकदाही पांघरलेली नाही. सतरा वर्षं ती कॅमेराच पांघरतोय.

चादर आप्पांच्या कारखान्यातली. म्हणजे कारखाना मालकाचा, आप्पा तिथं जॉबर होते. सोलापूरबाहेरच्या वाचकांसाठी सांगतो. विणकर माग चालवतो, संपलेली कांडी बदलतो, तुटलेला धागा जोडतो. माग अडला की हाक जॉबरला. पूर्व भागातल्या आमच्या गल्लीत दोन घरांआड एक पत्र्याचा कारखाना होता आणि आम्ही लहानाचे मोठे त्या खडखडाटातच झालो. रात्री तो आवाज बंद पडला की जाग यायची. वीज गेलेली असायची.

शाळेतून येताना मी आप्पांचा डबा घेऊन जायचो. आत बोललेलं काही ऐकू यायचं नाही. सगळे ओठांच्या हालचालीवर आणि हातांच्या खुणांवर बोलायचे. तसल्या गोंगाटात आप्पा दारात क्षणभर उभे राहायचे, मान थोडी कलती करून, आणि सरळ जाऊन चोवीसातल्या एका मागापाशी थांबायचे. "ह्याचा पिकर जायला आलाय." धोट्याला फटका मारून या टोकाकडून त्या टोकाला पाठवणारा चामड्याचा तुकडा म्हणजे पिकर. विणकराला अजून काही जाणवलेलंही नसायचं. माग बंद पडायच्या आधी आप्पांनी तो बंद पडताना ऐकलेला असायचा.

मी चित्रीकरण शिकलो ते लग्नांत. बारावीनंतर अशोक चौकातल्या एका व्हिडिओवाल्याकडे हॅलोजन धरायला लागलो, पुढं कॅमेरा हातात आला. मे महिना, दुपारी साडेबाराचा मुहूर्त, पत्र्याचा मांडव, वर दोन हजार-हजार वॉटचे दिवे. मंगलाष्टकं चालू असताना कॅमेरा इतका तापायचा की गालाला चटका बसायचा. ओला पंचा पिळून त्यावर धरायचा, पण पाण्याचा थेंब आत जाऊ द्यायचा नाही. टेपांची पिशवी माठाच्या आडोशाला ठेवायची. लेन्स बदलताना उन्हाकडं पाठ करायची. हे सगळं मला तिथं कुणी शिकवलं नाही आणि मी ते शिक्षण समजलोही नाही. पुढं राजस्थानात मोठ्या माहितीपटाच्या कामावर गेलो तेव्हा दिल्ली-मुंबईची अनुभवी माणसं दुपारी हवालदिल व्हायची आणि मी शांत असायचो.

थंडीनं मात्र मला पहिल्याच रात्री धडा दिला.

लेहमध्ये जानेवारीत उतरलो होतो. संध्याकाळी बाहेर शून्याच्या खाली पंधरा. दोन तास काम करून बोटं बधिर झाली म्हणून कॅमेरा उचलून थेट स्वयंपाकघरात नेला. तिथं बुखारी, म्हणजे तिकडची लोखंडी शेगडी, पेटलेली, चुलीवर भांडं उकळत होतं, सगळी हवा ओलसर ऊबदार. पाच मिनिटांत कॅमेऱ्याला घाम फुटला. फ्रीजमधून काढलेल्या बाटलीला फुटतो तसाच, फक्त हा घाम लेन्सच्या आतही होता, काचांच्या मध्ये, जिथं फडकं पोचत नाही. घाबरून तसाच परत बाहेर नेला तर त्याचं दहिवर गोठलं. दोन दिवस काम बंद. चूक पूर्णपणे माझी होती आणि तिची किंमत सगळ्या चमूनं मोजली.

तिसऱ्या दिवशी घरमालकीण आजींनी, ज्यांना कॅमेऱ्यातलं काही कळत नव्हतं, बटाट्याच्या पोत्याकडं बोट दाखवलं. थंडीतून आत आणलेलं पोतं त्या चुलीजवळ ठेवत नव्हत्या. दाराजवळ, गोधडीत गुंडाळून, सावकाश. मी पेटीतून चादर काढली. तेव्हापासून नियम ठरला. बाहेर असतानाच कॅमेरा प्लास्टिकच्या पिशवीत घालून तोंड घट्ट बांधायचं, मग तो चादरीत गुंडाळायचा आणि विस्तवापासून लांब ठेवून तीन-चार तास हात लावायचा नाही. ओल बसते ती पिशवीच्या बाहेरच्या अंगाला. चादरीमुळं आतला गारवा हळूहळू उतरतो. सकाळपर्यंत यंत्र माणसात येतं.

बॅटरीची तऱ्हा उलटी. ती थंडीत मरते. भरलेली बॅटरी उणे वीसमध्ये बघता बघता रिकामी दाखवते आणि काखेत धरून ऊब दिली की पुन्हा जिवंत होते. म्हणून त्या बंडीच्या आतल्या खिशात, अंगाला लावून वागवायच्या, रात्री झोपण्याच्या पिशवीत पोटाशी घेऊन झोपायचं. माझ्या बायकोनं एकदा मुलीला झोपवताना मला फोनवर विचारलं होतं, तिकडं तू कुणाला घेऊन झोपतोस? मी खरं तेच सांगितलं, आठ बॅटऱ्यांना.

फिल्मच्या काळातल्या लोकांचं काय होत असेल, हे वाचायचा मला नाद लागला तो त्या वर्षापासून. थंडीत फिल्म कडक होते, पापडासारखी मोडते. कोरड्या हवेत ती भराभर फिरवली तर घर्षणानं ठिणगी पडते आणि चित्रावर विजेच्या फांदीसारखी खूण उमटते. यंत्रातलं वंगण घट्ट होतं, म्हणून निघायच्या आधी ते पुसून काढावं लागे. फ्रँक हर्ली या ऑस्ट्रेलियन छायाचित्रकाराची गोष्ट मी कित्येकदा वाचली आहे. मोहिमेचा प्रमुख शॅकलटन, त्याचं एंड्युरन्स जहाज १९१५ मध्ये अंटार्क्टिकाजवळच्या वेडेल समुद्रातल्या बर्फात अडकलं, चिरडलं गेलं. हर्लीच्या काचेच्या निगेटिव्ह पाण्याखाली गेलेल्या खोलीत होत्या. त्यानं कमरेवरचे कपडे उतरवले आणि त्या बर्फाळ पाण्यात उतरून डबे वर काढले. पण माझं मन अडकतं ते त्याच्या पुढच्या प्रसंगापाशी. ओझं वाहून न्यायला मर्यादा होती. तो आणि शॅकलटन बर्फावर बसून एकेक काच उजेडात धरत गेले. सुमारे एकशे वीस ठेवल्या. उरलेल्या चारशेच्या आसपास हर्लीनं तिथंच फोडल्या, पुन्हा मन बदलायचा मोह नको म्हणून. संकलनाच्या टेबलावर एखादा आवडता शॉट टाकून देताना माझा जीव तुटतो, तेव्हा मला त्या काचांचा आवाज ऐकू येतो.

आणि जॉन नोएल. ब्रिटिशांच्या १९२४ च्या एव्हरेस्ट मोहिमेत तो सिनेमा कॅमेरा घेऊन होता. मॅलरी आणि आयर्विन हे दोन गिर्यारोहक माथ्याकडं गेले, परत आले नाहीत. खालच्या छावणीतली माणसं दुर्बिणी लावून बसली होती. वरच्या छावणीतून निरोप पाठवायचा एकच मार्ग होता. बर्फावर ब्लँकेटं अंथरून खूण करायची. ती क्रूसाच्या आकारात अंथरली गेली. म्हणजे आता आशा नाही. नोएलनं लांब लेन्समधून ते चित्रित केलं. चादरी विणणाऱ्यांच्या गल्लीतून आलेल्या मला ते दृश्य वेगळं लागतं. अंगावर घ्यायची वस्तू, ऊब द्यायची वस्तू, तिनं मृत्यूचा निरोप सांगितला. ती अंथरणाऱ्याचे हात कसे चालले असतील?

१९९६ मध्ये डेव्हिड ब्रिशर्स या अमेरिकन गिर्यारोहक-चित्रपटकारानं आयमॅक्सचा, म्हणजे अतिभव्य पडद्यासाठीच्या फिल्मचा, कॅमेरा एव्हरेस्टच्या माथ्यावर नेला. हलका करून करूनही तो एकोणीस किलोच्या घरात होता आणि एका रिळात दीड मिनिटाचं चित्रण मावायचं. त्याच मोसमात १० मेच्या वादळात डोंगरावर आठ माणसं गेली. ब्रिशर्सच्या चमूनं चित्रीकरण बाजूला ठेवून स्वतःसाठी वर साठवलेला प्राणवायू दुसऱ्यांना देऊ केला आणि माणसं खाली आणायला हात लावला. मग २३ मे रोजी ते माथ्यावर पोचले. तिथं फिल्म ओवायला त्यानं हातमोजे काढले, कारण जाड बोटांनी फिल्म नीट बसत नाही आणि एक कण आत गेला तरी रीळ वाया. बहुतेक लोक त्याच्या धाडसाबद्दल बोलतात. मला त्याच्या बोटांबद्दल आदर वाटतो. आणि कॅमेरा, लेन्स, रिळं वर नेणाऱ्या शेर्पांच्या पाठींबद्दल त्याहून अधिक.

या पाठींचा विषय निघालाच आहे तर एक सांगून टाकतो. काही वर्षांपूर्वी एका बर्फाळ कामावर आमच्यासाठी, म्हणजे बाहेरून आलेल्यांसाठी, परदेशी बूट होते. सामान ओढणारी गावातली पोरं रबरी गमबुटांत. मी निर्मात्यांशी बोललो. उत्तर आलं, त्यांना सवय आहे. मी तेव्हा आणखी भांडायला हवं होतं. एका पोराच्या पायाचं बोट काळं पडलं. ते वाचलं, पण ते "सवय आहे" मला आजही बोचतं. आता करारावर सही करताना मी पहिली विचारणा बुटांची करतो, सगळ्यांच्या. दोन कामं त्यापायी गेली. जाऊ देत.

झंस्कार नदीवर मी चार हिवाळे काम केलं. जानेवारी-फेब्रुवारीत ती गोठते आणि त्या गोठलेल्या नदीला चादर म्हणतात. पहिल्यांदा हा शब्द ऐकला तेव्हा मी चमकलो. चिलिंग गावापासून पुढं दोन्ही बाजूंना उभे कडे, सूर्य दिवसातून थोडाच वेळ खाली उतरतो, आणि मध्ये ही चादर. कुठं काचेसारखी निळी, कुठं दुधी, कुठं वर पाणी आलेलं. ती रोज नव्यानं विणली जाते आणि रोज कुठंतरी उसवते. काल चाललो तो भाग आज नसतो. उन्हाळ्यात खिंडींवरून रस्ते होते, पण हिवाळ्यात झंस्कारच्या लोकांना बाहेर पडायला हीच वाट होती. २०२४ मध्ये झंस्कारला लेहच्या बाजूशी जोडणारा निम्मू-पदम रस्ता जोडला गेला. वाट तेव्हापासून बदलते आहे.

आमचा वाटाड्या पन्नाशीचा. आम्ही त्याला आचो म्हणायचो, तिकडं थोरल्या भावाला म्हणतात. अंगात मळखाऊ गोंचा, म्हणजे लडाखी लांब डगला, हातात एक काठी. तो पुढं चालायचा आणि दर दोन पावलांना काठीनं बर्फावर टकटक करायचा. मी ध्वनिमुद्रकाला त्या काठीजवळ माइक धरायला सांगितला होता. हेडफोनमध्ये मला सगळी टकटक सारखीच ऐकू यायची. आचो मध्येच थांबायचा, मान थोडी कलती करायचा, आणि कड्याच्या कडेनं वळसा घ्यायचा. एकदा मी विचारलं, इथं काय वेगळं वाजलं? म्हणाला, "खाली पोकळ आहे. पाणी बर्फाला चिकटून नाही वाहत इथं." आम्ही वळसा घेतला. परतीला त्या जागी उघडं पाणी होतं, काळं, वेगात.

मान कलती करणं मी ओळखलं होतं. त्या रात्री गुहेत स्टोव्हजवळ बसून मी त्याला आप्पांबद्दल सांगितलं. चोवीस मागांतला एक आजारी माग ऐकणारा माणूस. त्याला ते अगदी साधं वाटलं. ऐकायलाच तर लागतं, असं त्याचं म्हणणं. तो स्वतः आठव्या वर्षी वडिलांबरोबर हीच नदी चालत लेहच्या शाळेत गेला होता. मग त्यानं विचारलं, तुमच्या गावात उन्हाळ्यात किती होतं? मी म्हणालो, चव्वेचाळीस. त्यानं दोनदा खात्री करून घेतली. शून्याच्या वर? वर. तो बराच वेळ गप्प बसला आणि म्हणाला, "आणि लोक राहतात? लहान मुलंसुद्धा?" त्याच्या आवाजात खरी काळजी होती. उणे पंचवीसमध्ये बसलेल्या माणसाला माझ्या आईची, बहिणीची, त्या पत्र्याच्या घरांची काळजी वाटली. चादरीचा कोपरा जळाला तो त्याच रात्री. बोलण्याच्या नादात लक्ष राहिलं नाही.

आमच्या धंद्यात अशा जागांना एक्स्ट्रीम म्हणतात. कामाच्या प्रस्तावात हा शब्द असला की पैसे वाढतात. त्या रात्रीपासून तो शब्द माझ्या लेखणीतून नीट उतरत नाही. कुणासाठी टोक? आचोसाठी ती शाळेची वाट होती.

सोलापुरात परत आलो की मी नान्नजला जातो. बार्शी रस्त्यावर वीसेक किलोमीटर, माळढोक पक्ष्याचं अभयारण्य, १९७९ सालचं. तिथं बघण्यासारखं काय आहे असं लोक विचारतात, कारण डोंगर नाही, पाणी नाही, झाडीही नाही. नुसतं गवत आणि आभाळ. २०११ मध्ये पावसाच्या तोंडावर, वनखात्याची परवानगी घेऊन, मी तिथं नऊ दिवस लपणात बसलो. अंधारात आत शिरायचं आणि दिवस मावळल्यावरच बाहेर पडायचं, नाहीतर पक्षी बिथरतो. आत गुडघे पोटाशी. पाण्याच्या दोन बाटल्या. सकाळी नऊनंतर लांब लेन्समधून काही धड दिसत नाही. तापलेल्या जमिनीवरून हवा उठते आणि सगळं चित्र पाण्यात पडल्यासारखं हलतं. शाळेत वाचलेलं मृगजळ हेच. कितीही महागडी लेन्स आणा, तिच्यापुढं इलाज नाही. म्हणजे पहाटेचा दीड तास आणि संध्याकाळचा एक. मधला सगळा वेळ वाट बघणं.

सातव्या दिवशी नर आला. मीटरभर उंच, डौलदार, एखादा म्हातारा पाटील शेत बघायला निघावा तसा. गळ्याची पिशवी फुगवली, शेपटी पाठीवर उलटी घेतली, पांढराशुभ्र झाला. त्याचा हुंकार कानांपेक्षा छातीत जास्त लागतो. मी चार मिनिटं अकरा सेकंद चित्रण केलं. आज हा पक्षी जगात दीडशेच्या आसपास उरला आहे, बहुतेक राजस्थानात. त्याला समोरचं नीट दिसत नाही, शरीर जड, विजेच्या तारा जवळ आल्यावर वळता येत नाही. आमच्या माळावर तो आता जवळजवळ दिसतच नाही. त्या चार मिनिटांची मी तीन ठिकाणी प्रत ठेवली आहे. एव्हरेस्टच्या पायथ्याशी केलेल्या कामाची एकच आहे.

या मे महिन्यात मी कारखाना चित्रित केला. आप्पांचा जुना कारखाना. चोवीसातले आठ माग उरले आहेत. इतकी वर्षं जगभराचं ऊन-वारा धुंडाळलं आणि हे एक राहून गेलं होतं. मालकाच्या मुलानं आनंदानं परवानगी दिली. आप्पांनाही नेलं. ते अठ्ठ्याहत्तरचे आहेत आणि चाळीस वर्षांच्या खडखडाटानं त्यांचे कान गेले आहेत. यंत्र कानाला लावतात, पण गोंगाटात त्याचा उपयोग नाही, म्हणून काढून खिशात ठेवलं.

दुपारचे तीन. पत्र्याखाली उभं राहिलं की डोक्यावर हात ठेवल्यासारखी उष्णता जाणवते. पंखे लावता येत नाहीत, धागे उडतात. उजेडाच्या पट्ट्यात सुताचे बारीक तंतू तरंगत होते, प्रत्येक शॉटनंतर ब्रशनं लेन्स झटकावी लागत होती. वर जॅकार्डचे, म्हणजे नक्षी ठरवणाऱ्या यंत्राचे, भोकं पाडलेले पुठ्ठे एकामागून एक सरकत होते आणि खाली, बोटभर बोटभर, मोराची मान तयार होत होती. मी त्या मानेवर कॅमेरा लावून बसलो. विणकर माझ्याच वयाचा, बनियन पाठीला चिकटलेली, एका वेळी दोन माग सांभाळत होता. कांडी बदलायला त्याला दोन-तीन सेकंद लागायचे.

पस्तीसाव्या मिनिटाला कॅमेऱ्याच्या पडद्यावर तापल्याची खूण आली आणि तो बंद पडला. झंस्कारमध्ये चार हिवाळे न थांबलेला कॅमेरा.

विणकरानं माग न थांबवता माझ्याकडं बघितलं. खांद्यावरचा टॉवेल काढला, कोपऱ्यातल्या बादलीत बुडवला, घट्ट पिळला आणि माझ्या हातात दिला. सोलापुरी टॉवेल. मी तो कॅमेऱ्यावर तंबूसारखा धरला. तो परत आपल्या जागी. त्याच्यासाठी दुसरा टॉवेल नव्हता.

कॅमेरा गार व्हायला वीस मिनिटं लागली. तेवढ्यात आप्पा स्टुलावरून उठले. भिंतीला धरत पहिल्या मागापाशी गेले आणि त्याच्या लोखंडी चौकटीवर तळवा ठेवला, ताप बघावा तसा. मग दुसऱ्यावर. मग तिसऱ्यावर. पाचव्यावर हात तसाच राहिला. मान थोडी कलली. त्यांनी मला खुणेनं बोलावलं, माझा हात घेतला आणि आपल्या हाताखाली चौकटीवर दाबून धरला.

मला नुसती थरथर लागली. बाकीच्या मागांसारखीच.

"कळलं?" त्यांनी ओठांनी विचारलं.

मी मान हलवून नाही म्हणालो. त्यांनी माझा हात सोडला नाही.